समोरच्या माणसाची वाटी

लोणावळा, २४ मे १९२२
भि. सकाळीच हजर. भि. म्हणजे भाजे गावचा भिकू, पोलीस शिपाई. भाईजान, आमचा करीम, खिलाफतीच्या सभेत बोलून फरारी झाला, तेव्हापासून सरकारने ह्याला साध्या कपड्यांत आमच्या दारासमोर बसवलाय. मी विहिरीवर निघाले की, "आज उशीर केलास गं पोरी?" मेल्या, तुला काय करायचंय! पहिल्यांदा आमच्या घरचं पाणी चालत नव्हतं ह्याला. उन्हाने अक्कल शिकवली. आता अम्मा रोज तांब्या देते, स्वतःचा रोजा असून.

२६ मे
भाईजान आलाय!! परसातून, भि. चहाला गेला तेव्हा. नुसती हाडं राहिलीत. ईद करून जाणार. खोकतो फार. तो खोकला की मी मोठमोठ्याने कोंबड्या हाकलते. घसा बसला.

२८ मे, ईद
अम्माने शिरखुर्मा केला. करीम घरी येईपर्यंत चुलीवर चढवणार नाही, अशी शपथ घेतली होती तिने. सगळ्या आळीला ठाऊक. मला सुचायला नको? मी मूर्खासारखी खजूर चिरत बसले. वर भि.लाही वाटी. ईदला दारातला माणूस वगळायचा नाही म्हणे. मीच नेली. चाटूनपुसून खाल्लं त्याने.
"दोन साल केला न्हवता न्हवं तुमी?"
मी म्हटलं, हो. हो म्हटलं मी!
वाटी रिकामी देऊ नये म्हणून त्याने चिमूटभर साखर घालून दिली.

२९ मे
भाईजानला नेलं. जेवता जेवता. हातही धुऊ दिला नाही.
भि. दारात. अम्मा एवढंच म्हणाली, "भाऊ, तुम्ही?"
"नोकरी हाय, मावशी."

५ जून
भि. अजून समोरच. आता कुणासाठी? विहिरीपर्यंत मागे येतो.
भाईजान कुठे आहे, कुणी सांगत नाही. आज बघते तर अम्माने पुन्हा शिरखुर्मा केलेला. "जा, देऊन ये त्याला. विचार, मारतात का." त्या माणसाला? किळस आली मला. नाही म्हटलं, तर माझे पाय धरायला वाकली. माझी आई.
नेली वाटी. सावकाश खाल्लं त्याने, बोटं चाटली.
"जिता हाय."
मारतात का, विचारलं.
"त्ये उद्या सांगतो. बदाम वाईच जास्ती घालाय सांग."
अम्माने बदाम आत्ताच भिजत घातले.