वॅगनर कॉर्नर्सच्या बांधावर

ॲन आर्बर,
नोव्हेंबर १९८६

प्रिय अक्का,

तुझ्या पायांवर डोकं ठेवून लिहायला बसलो आहे. हे पत्र शेजारच्या कुणाकडून वाचून घेऊ नकोस. मुद्दाम मोठं अक्षर काढलं आहे, चष्मा लावून सावकाश तूच वाच. इकडे सगळे बरे आहोत. तुझ्या भावजयीचा, प्रतिमाचा गुडघा थंडीत अजून धरतो. दीपा कॉलेजात जाऊ लागली. मराठीत विचारलं की इंग्रजीत उत्तर देते, पण आरतीला न सांगता येऊन उभी राहते.

मागे लिहिलं होतं बघ, दर शनिवारी मी अंडी आणायला एका शेतावर जातो म्हणून. त्या जागेचं नाव वॅगनर कॉर्नर्स. गाव म्हणावं असं तिथे काही नाही. दोन मातीचे रस्ते एकमेकांना छेदतात, त्या चौकात एक चर्च, धान्य साठवायचा उंच मनोरा आणि बंद पडलेली एका खोलीची शाळा. ती पाहिली की मला आपली मारुतीच्या देवळात भरणारी शाळा आठवते. बाकी नुसती शेतं. मका, सोयाबीन, गवत. दीडशे वर्षांपूर्वी जर्मनीहून आलेल्या काही घरांनी ओकचं रान तोडून ही जमीन वहितीखाली आणली. पण जमिनीत धोंडेच धोंडे. फार पूर्वी इथे बर्फाचे डोंगर होते, त्यांनी उत्तरेकडून ढकलत आणलेले. हिवाळ्यात जमीन गोठून फुगते आणि थंडी सरली की नवे धोंडे वर येतात. ते वेचून बांधावर टाकायचे. पिढ्यान् पिढ्या वेचतायत, संपत नाहीत. आता मुलं शहरात गेली, यंदा तर काहींनी गाईसुद्धा विकल्या. हे सगळं मला वॅगनरबाईंनी सांगितलं. वय ऐंशीच्या घरात, नवरा कधीच गेला, घरात एकट्या. मला ‘मिस्टर शिरी’ म्हणतात आणि डझनात एक अंडं जास्त घालतात.

त्यांच्या शेताच्या टोकाला, धोंड्यांच्या ढिगाऱ्यापासून बाजूला, एका ओकखाली एक दगड उभा आहे. त्याच्याभोवतीचं गवत काढलेलं. मला काय वाटलं असेल ते तुला सांगायला नको. आपला म्हसोबाच वाटला. माणसं चाललीत, देव उघडा पडलाय, असं मनात आलं. उन्हाळ्यात दोन-तीनदा घरचा झेंडू नेऊन वाहिला. सर्वपित्री झाल्यावरच्या शनिवारी तेलात शेंदूर कालवून नेला आणि दगडाला वरपासून खालपर्यंत लेप दिला. बाईंना विचारलं नाही. देवाला तेल घालायला कुणाची परवानगी घ्यायची, असंच वाटलं. खोटं कशाला सांगू, त्या दिवशी परत येताना इतकं समाधान होतं की मी मोठ्याने मारुतीस्तोत्र म्हणत आलो.

पुढच्या शनिवारी रस्त्यावरची ‘अंडी मिळतील’ ही पाटी नव्हती. दारात बाईंचा पुतण्या होता. कुणीतरी रात्री येऊन दगडाला रक्त फासून गेलं, म्हणाला. सैतानाची पूजा करणाऱ्या टोळ्या फिरतात असं इथे हल्ली टीव्हीवर सारखं सांगतात. पोलीस येऊन गेले होते, चर्चमध्ये प्रार्थना झाली होती. बाई रात्रभर दिवे लावून बसतात, आता त्यांना इथे एकटं ठेवणं नाही, नाताळच्या आत शेत विकून त्यांना वृद्धाश्रमात नेतो, असं तो सांगत होता. मग मला म्हणाला, तुम्ही नेहमी येता, कुणी भलतंसलतं माणूस दिसलं का? अक्का, मी मान हलवली. नाही म्हणालो.

घरी आलो. देवापुढे दिवा लावला, पण वर बघवेना. काही शनिवार मी गेलोच नाही, अंडी दुकानातून आणली. शेवटी गाडीतली शेंदराची डबी दीपाला सापडली आणि स्थानिक पेपरातली बातमीही तिनेच वाचली. “बाबा, वॉज दॅट यू?” मी तिच्या हातातून डबी काढून घेतली. “शी इज स्केअर्ड, बाबा. गो टेल हर.” माझ्या मुलीने मला हे सांगावं!

काल गेलो. स्वयंपाकघरात उभ्या उभ्याच सगळं सांगितलं. बाईंनी शेगडी बंद केली. मग त्यांनी विचारलं, फुलंही तुमचीच का? हो म्हणालो. त्या म्हणाल्या, फुलं पाहून मला वाटलं होतं, त्याची आठवण असलेलं माझ्याशिवाय आणखी कुणीतरी आहे. मला कळेना, कुणाची. तेव्हा त्यांनी कोट चढवला आणि मला दगडापाशी नेलं. “ही इज नॉट अ गॉड, मिस्टर शिरी. ही इज माय बॉय.”

पहिलं मूल. बाप्तिस्मा व्हायच्या आत गेलं, म्हणून तेव्हाच्या पाद्र्याने चर्चच्या आवारात जागा दिली नाही. नवऱ्याने घोडा जुंपून शेतातलाच एक धोंडा ओढत आणला. त्यावर नाव नाही. मी ब्रश आणि साबण घेऊन गुडघ्यांवर बसलो आणि घासत राहिलो. वरचा शेंदूर गेला, खळग्यांतला जाईना. बाई म्हणाल्या, राहू दे, बर्फ नेईल. माझ्यासमोरच त्यांनी पुतण्याला फोन लावला. कुणीतरी प्रार्थना केली होती, एवढंच सांगितलं. आणि मी कुठेही जाणार नाही, असंही. निघताना मला अंडी दिली. डझनात एक जास्तच होतं.

परत येताना गाडी कडेला घेऊन थांबावं लागलं. बाईंचं ते वाक्य मी आधी ऐकलं होतं. आपल्या बांधावर चिंचेखाली दोन दगड होते. एक शेंदराचा म्हसोबा आणि थोडा पलीकडे एक लहान, कोरा. मी दहा वर्षांचा असेन. तू पहिल्या बाळंतपणाला आली होतीस. बाळ देवाघरी गेलं, एवढंच आईने मला सांगितलं होतं. त्या अमावस्येला म्हसोबाचं झाल्यावर मी उरलेला शेंदूर त्या लहान दगडाला लावायला गेलो आणि तू माझं मनगट धरलंस. “त्याला नको रे. तो देव नाही.” मग कोण, असं मी विचारलं नाही. तेव्हा नाही, आणि नंतरच्या इतक्या वर्षांत, इतक्या पत्रांतही नाही. ते समजायला मला परक्या मुलखातल्या एका म्हातारीला घाबरवावं लागलं. अक्का, मुलगा होता की मुलगी? नाव ठेवलं होतंस का? हेच विचारायला हे पत्र लिहिलं. सांगवत नसेल तर नको सांगूस. सांगितलंस, तर रोज दिवा लावताना ते नाव घेईन.

तुझाच,
श्रीरंग