कुत्र्यासाठी बांधून द्या

पिट्सबर्ग, ६ मार्च १९६६

ती. क्लोतिल्दताईस,
आन्सेल्मचा सा. न. वि. वि.

प्रकृती उत्तम. रेस्तराँला वर्ष होत आलं, पण इथले लोक अजून सूपबरोबरच कॉफी मागतात. मी हसतो आणि मनात जपमाळ ओढतो.

करड्या टोपीचा एक गृहस्थ दर शुक्रवारी आईच्या पद्धतीचे माशाचे मुटके मागवतो, निम्मे खातो आणि उरलेले कुत्र्यासाठी बांधून द्या म्हणतो. झिंग्यांच्या सॉसमधले मुटके कोणता कुत्रा खातो गं? माझा भागीदार डनलीवी म्हणतो, अहो, इथे सगळे असंच म्हणतात, मनावर घेऊ नका. पण अलीकडेच समोरच्या हॉटेलात बर्थिए नावाच्या आपल्याकडच्या आचाऱ्याने हेच मुटके सुरू केले. मी जाऊन चाखले. झिंग्यांची टरफलं लोण्यात भाजून वर ब्रँडी शिंपडायची, ही आपल्या घरची युक्ती जशीच्या तशी! टोपीवाल्याने बांधून नेलेलं खोकं कुठे पोचतं ते वेगळं सांगायला नको.

परवा मी त्याच्या टेबलाशी गेलो आणि भरल्या हॉलमध्ये सांगितलं, की माझं अन्न खायचं तर इथेच, बाहेर जाणार नाही. तो लालबुंद झाला, पैसे ठेवून निघून गेला. अशी आणखी गिऱ्हाइकं घालवलीत तर मी अंग काढून घेईन, असं डनलीवीने बजावलंय.

ताई, रागावू नकोस, पण तू तर ती युक्ती कुणाला कळवली नाहीस ना?

लोभ आहेच, संशयासकट गोड मानून घे.
आन्सेल्म

शेवान, १५ मार्च १९६६

चि. आन्सेल्म यास अनेक उ. आ.

लहानपणी पाद्रीबाबा येऊन गेले की तू कोंबड्या मोजायचास. आता माझ्यावर आलास होय! मी कुणाला काही कळवलं नाही. बर्थिए म्हणजे खालच्या गिरणीवाल्यांचा लूसियाँ. त्याच्या आजीनेच आपल्या चुलीपाशी बसून आईला हे मुटके शिकवले. तू पाळण्यात होतास, मी टरफलं निवडत होते. युक्ती त्यांच्या घरची आहे, बाळा.

आणि ईस्टरआधीच्या उपासाच्या दिवसांत तू पाहुण्याला भरल्या ताटावरून उठवलंस? आधी जाऊन माफी माग.

माया आहे तशीच आहे. जवळ असतास तर कान मात्र पिरगाळला असता.
क्लोतिल्द

पिट्सबर्ग, १७ एप्रिल १९६६

ती. ताईस शि. सा. न.

टोपीवाला पुन्हा आलाच नाही. डनलीवी दुसरा आचारी शोधतोय, असा मला वास येतो.

परवा समोरच्या हॉटेलच्या खिडकीत तीच टोपी दिसली. अंगात पांढरा डगला तसाच ठेवून रस्ता ओलांडला. लूसियाँ दारातून बघत होता. त्याला मान लववली. मग सगळ्यांदेखत त्या गृहस्थाची माफी मागितली. अपमान चारचौघांत केला होता, माफीही तिथेच हवी. खोटं कशाला बोलू, तेव्हाही माझा एक डोळा त्याच्या खोक्यावर होता.

तो उठला, माझा हात हातात घेतला. मुटके तुमचेच जास्त चांगले, म्हणाला. मग मी विचारलं, की येत्या शुक्रवारी याल ना. त्याने मान हलवली. म्हणाला, नको, इथे उरलेलं मागताना कुणी माझ्या तोंडाकडे बघत नाही.

तुझा हात डोक्यावर राहू दे, ताई.
आन्सेल्म