गाळलेल्या जागा

४ जून
आले एकदाची. खोली हवेशीर, खिडकीशी टाइपरायटर, चहा न मागता मिळतो. लेखिकाबाई कादंबरी तोंडी सांगतात, मी टाइप करते. त्यांची तऱ्हा मात्र न्यारी. बोलता बोलता मध्येच थांबतात आणि जागा सोडायला सांगतात. ती नंतर मी एकटीने भरायची, मनात येईल ते. ताईला फोनवर सांगितलं तर म्हणाली, आता तरी एका जागी टिक.

७ जून
गोष्टीतली स्वयंपाकीण नायिकेला लग्नावरून टोचते. इथली स्वयंपाकीणही मला तशीच टोचते, अगदी ताटावर बसल्यावर. म्हणून आज रिकाम्या जागेत मी ठोकून दिलं, ‘तिची वाचाच गेली.’ एकटीच हसत बसले.

८ जून
स्वयंपाकिणीचा आवाज गेला. डॉक्टरांना घशात काहीच सापडलं नाही. मला पाहिलं की ती भिंतीला चिकटते. योगायोग असेल. असायलाच हवा.

११ जून
नायिकेचा जीव कोणावर जडलाय, ती जागा आज रिकामी होती. शेजारचा एखादा सभ्य मास्तर टाकणार होते. बोटांनी लिहिलं, ‘बहिणीच्या नवऱ्यावर.’ हे मी या रोजनिशीतसुद्धा कधी लिहिलं नव्हतं. खोडायच्या आत बाईंनी कागद ओढून घेतला. मी म्हटलं, ही नुसती गोष्ट आहे. त्या म्हणाल्या, “मग घाबरतेस कशाला? माझ्या इच्छा कधीच संपल्या, पोरी. पुस्तकाला ताज्या लागतात.”

१३ जून
काल गोष्टीतल्या जागेत लिहिलं होतं, बहीण आणि तिचा नवरा नायिकेला भेटायला येतात. आज ताईचा फोन. उद्या ती आणि भाऊजी येतायत. येऊ नका म्हणून परोपरीने सांगितलं. ती हसली, म्हणे तुला सरप्राइज नको असलं तरी आम्ही येणार.

१४ जून, सकाळ
आजचं वाक्य — ‘मोठी बहीण जिना चढताना’ — पुढे जागा. ‘सुखरूप वर आली’ असं टाइप केलं. वाचलं तर कागदावर ‘कोसळली’. पुन्हा केलं. पुन्हा तेच. ताईवर माझा जीव आहे. खरंच आहे —

दुपार
गाडी थांबली. ताईचा आवाज, वर येऊ का विचारतेय. स्वयंपाकीण दारात हात जोडून — ओरडले तर ताई थांबेल. एवढंच करायचंय. तोंड उघडलंय, पण भाऊजींना नंतर कोण सावरणार हा विचार आधी आला, आणि मी —