नव्या ताऱ्याच्या निगेटिव्ह

शाहूपुरी, फेब्रुवारी १९९८, बुधवार

१. शनिवारी काढलेल्या फोटोत एक तारा जास्तीचा दिसला. जुन्या फोटोत तो नाही.
२. रविवारी पुन्हा फोटो काढला. तारा तिथेच. म्हणजे फिल्मवरचा डाग नव्हे.
३. सोमवारी दोन्ही निगेटिव्ह सरांना दिल्या. आमच्या आकाशनिरीक्षण मंडळाची रीतच तशी. कुणालाही काही सापडलं तरी तपासून बाहेर कळवायचं ते सरांनी.
४. नव्या ताऱ्यांची नोंद ठेवणाऱ्या परदेशातल्या केंद्राला फॅक्स कालच गेला. शोधक म्हणून एकच नाव, सरांचं. मला आज कळलं.

संध्याकाळी त्यांच्या घरी गेले. म्हणाले, "अगं, नाव कुणाचं का असंना, कोल्हापूरचं झालं की!" चहा देताना काकू हसल्या. मी हसले नाही. मग सरांनी सहज विचारलं, "फोटो काढताना तू एकटीच होतीस न्हवं?" मी हो म्हणाले. खरं तेच सांगितलं. पण त्यांना हे कशाला हवं होतं?

निगेटिव्ह मागितल्या. "असतील कुठंतरी. सापडल्या तर देतो." काल त्यावरूनच फॅक्स केला, आणि आज सापडत नाहीत?

एकटीच होतीस न्हवं. तेव्हापासून तेच डोक्यात आहे. सोबत कुणी नव्हतं, निगेटिव्ह त्यांच्याकडे, आणि मी एक प्रिंटसुद्धा काढून ठेवली नाही. सरांवर अविश्वास दाखवल्यासारखं झालं असतं म्हणून.

उद्या द्यायची चिठ्ठी:

सर, तो तारा मी शोधला. शोधक म्हणून माझे नाव घालून दुरुस्तीचा फॅक्स पाठवावा आणि दोन्ही निगेटिव्ह परत द्याव्यात. पाठवणार की नाही, ते शनिवारपर्यंत लेखी कळवावे.