वेरिलदादाचं अक्षर

गोनाइव्ह, सोमवार

मिरलांदताई,

आधी आईच्या गालाचा माझ्या वतीने मुका घे. मी मजेत आहे. आर्सेनकाका व्हूडूचे ढोल शिकवतात, पोटभर शिव्या देतात आणि पोटभर रताळीही. आईचा गुडघा कसा आहे? शेळी व्याली का?

इथपर्यंत आईला वाचून दाखव. पुढचं फक्त तुझ्यासाठी.

शनिवारी भर दुपारी एका घरी वारलेल्या आजीला पाण्याखालून वर बोलवायचं होतं. तिला जाऊन वर्ष आणि वर एक दिवस झाला होता. मेलेलं माणूस तेवढे दिवस पाण्याखालीच राहतं, त्याआधी कुणी वर येत नाही, तुला ठाऊकच आहे. पांढऱ्या चादरीआड पुजारीणबाई पाण्याच्या घंगाळाशी बसल्या, बाहेर आम्ही ढोल वाजवत होतो. पाण्यातून आजीचा आवाज आला, सुनेला चार टोमणे मारून गेला. सगळे हसले.

मग त्याच पाण्यातून दुसरा आवाज आला. "ओनेल, मठ्ठ कुठला! डावा हात ढिला सोड, किती वेळा सांगू?"

मी वाजवायचा थांबलो.

"वाजव रे, थांबू नकोस," काका म्हणाले. "कोण तुझा तो?"

"दादा. सीमेपलीकडे ऊसतोडीला गेलाय. जिवंत आहे."

काकांनी माझ्याकडे पाहिलंच नाही.

ताई, आईला वाचता येत नाही. दादाची पत्रं तूच वाचून दाखवतेस. नाताळचं वाचलंस तेव्हा मीही ऐकत होतो. पण त्यातलं एकही मी हातात घेतलेलं नाही.

एक पाठव. त्याचं अक्षर बघायचंय.

पाठवण्यासारखं काही नसेल, तर तो वारला ती तारीख तेवढी कळव. त्याला वर आणायला ढोल मीच वाजवीन.

तुझा,
ओनेल