नुसती चरबी

आई,

गेल्या रविवारी सकाळी तुझा नातू अमेरिकेत त्याच्या स्वयंपाकघरात हरणाचं मटण शिजवत होता, आणि मी इथं बेळगावात फोन चटणीच्या डब्याला टेकवून तोच पदार्थ साध्या मटणाचा करत होते. त्याच्याकडं शनिवारची संध्याकाळ. तिकडं रीतसर परवाना काढून हरणाची शिकार करता येते म्हणे, आणि कामावरच्या एका सोबत्यानं त्याला दोन किलो मटण आणून दिलं होतं. पदार्थाचं नाव चिली. मला वाटलं ठेचा असेल. निघाला राजमा, टोमॅटो आणि लाल तिखट घालून तास-दोन तास रटरटवलेला दाट रस्सा. तिखट मात्र आपलंच, संकेश्वरी मिरचीचं, मीच कुटून दिलेलं. तू तिकडं कर, मी हिकडं करते, बघू कुणाचं चांगलं होतंय, असं मीच त्याला चिडवलं होतं.

कांदा-लसूण परतून झाला. माझ्या पातेल्यात मटण पडलं तसं कडेनं तेल सुटायला लागलं, आणि त्याचं मटण काळपट पडून कोरडंच राहिलं. करपतंय बघ, मी म्हटलं. तेव्हा तो अगदी सहज म्हणाला, "आई, हरणाच्या मटणात चरबीच नसती. वरनं बोकडाची घालावी लागत्या, न्हायतर भांड्याला धरतंय." आणि कागदातून एक पांढरा गोळा काढून त्यानं पातेल्यात सोडला. माझ्या हातातला पळा तसाच राहिला. तसला गोळा मी पाहिला होता. पाहिला काय, स्वतः जाऊन आणला होता. मी इतकी थिजले, की पोरगं विचारायला लागलं, रेंज गेली का.

तेव्हा आपण खानापुरात होतो. अण्णांची जंगल राखायची नोकरी, अंगावर खाकी, आणि आळीत त्यांचा असा धाक की कुणी सरपणाची मोळी आणली तरी आपल्या दारावरून न्यायचं नाही. माझ्या बाकावर जांबोटीकडच्या एका खेड्यातली मुलगी बसायची. मावशीकडं राहून शिकत होती, शनिवारी गावाला जायची आणि सोमवारी डब्यात गावचं काहीतरी घेऊन यायची. एका सोमवारी तिनं डब्याचं झाकण अर्धंच उघडलं आणि एक फोड माझ्या भाकरीवर ठेवली. "भेकराचं हाय. कुणाला सांगू नगं." भेकर म्हणजे आपल्या रानातलं ते लहान हरीण. मटण गडद, धाग्याधाग्यांचं, आणि चव थोडी काळजासारखी. मी बोटं चाटून खाल्लं. आणि त्याच रात्री जेवताना फुशारकीनं सांगूनही टाकलं. अण्णांचा घास हातातच राहिला. रागावले नाहीत, फक्त तिच्या गावाचं नाव विचारलं. ते हात धुवायला उठले तसा तू माझ्या पाठीत धपाटा घातलास. "जिभंला काय हाड हाय का न्हाय तुझ्या? तिनं इस्वासानं घास दिला, आन् तू गावभर करत सुटलीस." गावभर कुठं, मी बापालाच तर सांगितलं होतं. मला तुझा फार राग आला.

पुढच्या रविवारी अण्णा पहाटेच सायकल घेऊन गेले. मुलीच्या वडलांना त्यांनी मटणासकट धरलं, हे मला दुसऱ्या दिवशी शाळेत कळलं. पण त्या रविवारी दिवेलागणीला अण्णा परत येतात तेव्हा त्यांच्या हातात सागाच्या पानांत बांधलेलं गाठोडं आहे. एकानं बोकड कापलं, वाटा दिला, असं ते म्हणतात. तू गाठोडं सोडून बघतेस, त्यांच्याकडं बघतेस. मग मला खाटकाकडं पिटाळतेस, नुसती चरबी आणायला. खाटीक हसतो. मटण नाही आणि नुसती चरबी, कशात घालणार आहे तुझी आई? मी घरी येऊन तुला तेच विचारते. "बोकड लई रोड हुतं," तू म्हणतेस, आणि परसदाराची कडी लावून घेतेस.

ती मुलगी शाळेत पुन्हा आलीच नाही. वडील आत गेल्यावर तिची शाळा सुटली ती सुटलीच. मला अण्णांनी कंपासपेटी आणून दिली, खरं बोलणाऱ्या पोरीला बक्षीस म्हणून. पुढं मी मास्तरीण झाले आणि निपाणीच्या शाळेत वर्षानुवर्षं पोरांना ही गोष्ट सांगत राहिले. माझे वडील कसे ताठ, कायद्याला कसे पक्के, आणि लहान वयात मी कशी न भिता खरं बोलले. त्या गोष्टीत तू भित्री होतीस, आई. चोराला पाठीशी घालणारी. पोरं टाळ्या वाजवायची आणि मला बरं वाटायचं.

आणि आता तो चरबीचा गोळा. मी हादरलेय. चार दिवस झाले, अजून अन्न गोड लागत नाही. ज्याच्यासाठी एका माणसाला आत घातलं, त्यातलंच घरी आणून पोरांच्या ताटात वाढलं? अण्णांना विचारायचं धाडस ते गेल्यावरही होत नाही, म्हणून तुला विचारतेय. तुला तर गाठोडं सोडताक्षणीच कळलं होतं, नाहीतर चरबी कशाला मागवलीस? मला विश्वासाच्या घासावरून धपाटा घातलास आणि तेच मटण निगुतीनं शिजवलंस. ते चांगलं व्हावं म्हणून धडपडलीस, हे मला जास्त लागतं. त्या दिवशी तू स्वतः मात्र ताक-भाकरीच खाल्लीस, पोट बरं नाही म्हणून. तेवढ्यानं सुटलीस, असं तुला वाटलं का गं?

माझी चिली उत्तम झाली होती. शेजारी डबा भरून देऊन टाकली. पोराला काही सांगितलं नाही, त्याचं काय चुकलं? हा कागदही कुठं जायचा नाही, चटणीच्या डब्याखालीच राहील.

वर सगळं असं लिहिलंय, जणू मला गेल्या रविवारीच कळलं. तसं नाही. खानापुरातल्या त्या संध्याकाळी पहिल्याच घासाला मी ओळखलं होतं. सहा दिवसांपूर्वी तीच चव मी त्या मुलीच्या डब्यातली खाल्ली होती. मी मान वर करून तुझ्याकडं पाहिलं, तू खाली बघून भाकरी थापत होतीस. मग मी ताट पुढं केलं आणि म्हटलं, आई, अजून वाढ.