सीताफळाखालचा डबा

मी, मनकर्णाबाई हेल्मुट ब्रांडेस, माहेरची मनकर्णा तात्यासाहेब शेजूळ, मूळची लासूर स्टेशनची, वय बहात्तर, निवृत्त परिचारिका, हल्ली राहणार छावणी, औरंगाबाद, हे मृत्युपत्र माझ्या हातानं लिहून ठेवते. डोकं ठिकाणावर आहे. दाब कोणाचाही नाही; भाचा त्रिंबक दर रविवारी पेढे आणतो, ते मी आधी मांजराला घालून बघते.

१. माझे पती जर्मनीचे राजदूत होते. हैदराबादच्या पोलीस ॲक्शननंतर दहा-बारा वर्षांनी, ते मुंबईला कनिष्ठ अधिकारी असताना, वेरूळ बघायला आले आणि विषमज्वरानं आमच्या दवाखान्यात आडवे झाले. ड्यूटी माझी होती. लग्नाला त्यांच्या सरकारची परवानगी लागली. चौकशीला एक सुटातला माणूस लासूरच्या धान्याच्या मोंढ्यात आला. तात्यासाहेब कम्युनिस्ट आहेत काय, असं त्यानं विचारलं. हमाल म्हणाला, "नाय बा. ते सोसायटीच्या निवडणुकीला उभं ऱ्हात्यात अन् लई मतांनी पडत्यात." तेवढ्यावर परवानगी मिळाली.

माझी भावजय द्वारकाबाई मात्र तेव्हा गावभर "गोऱ्याची बाई" म्हणत फिरली. तिला माझा बॉनचा लोकरीचा कोट द्यावा, वैशाखात घालायला. खिसे मी तपासले आहेत, अस्तर उसवू नये.

२. साहेब पुढे चढत चढत राजदूत झाले. आम्ही अंकारा पाहिलं, जाकार्ता पाहिलं, पिठलं मी सगळीकडे केलं. महत्त्वाचं बोलायचं तर ते न्हाणीघरात नेत आणि नळ सोडून बोलत, भिंतीला कान असतील म्हणून. निवृत्तीनंतर हट्टानं इथं राहायला आले. छावणीत नळाला एक दिवसाआड पाणी, त्यामुळे आमची गुपितंही एक दिवसाआड झाली.

३. त्यांची एक रीत सांगणं भाग आहे. कोण फितूर आहे असा संशय आला की ते एकच गोष्ट प्रत्येकाला निरनिराळी सांगत, आणि सगळ्या खोट्या. कोणती बाहेर फुटते ते बघितलं की माणूस सापडला. एका वकिलातीत (देशाचं नाव लिहीत नाही, मलाही सवय लागली) त्यांनी आपली पुढची बदली चिटणिसाला कैरो सांगितली, ड्रायव्हरला ऑस्लो. मला टोकियो सांगितली होती. मी जपानी शब्द पाठ करत बसले होते. बदली जाकार्ताला झाली तेव्हा मला सगळं उमगलं. मी नवऱ्याला काही विचारलं नाही, पण त्या दिवसापासून त्यांच्या कोणत्याच वाक्यावर माझा पुरता विश्वास बसला नाही. याचं मला फार वाईट वाटत आलं आहे.

४. पाच वर्षांमागं साहेब गेले. जाण्याआधी माझा हात धरून म्हणाले, "मनू, तुझ्यासाठी एक डबा ठेवला आहे. मागच्या सीताफळाखाली." नळ सोडायला सांगितला नाही, एवढं मला खटकलं.

तेराव्याला त्रिंबकला सहज विचारलं. तो म्हणाला, "आत्या, मला तर माळ्यावर म्हणाले होते." त्यानं माळ्याच्या फळ्या कधीच उचकटल्या होत्या, तिथं काही नव्हतं. आमच्या आवारात शेळ्या सांभाळणारा मुंजाबा शिंगाडे म्हणाला, "मला हिरीपाशी म्हनले व्हते. म्या नाय उकरलं. डबा तुमचा हाय." मग मी उकरायला लावलं. तिथंही काही नव्हतं.

मुंजाबानं उकरलं नाही हा त्याचा प्रामाणिकपणा की आळस, हे मी अजून ठरवलेलं नाही.

५. बंगल्याचा पुढचा भाग त्रिंबकला. मागच्या दोन खोल्या, विहीर व सीताफळाचं झाड मुंजाबाला आणि त्याची बायको सखूबाई हिला, दोघांच्या हयातीपर्यंत. दोन्ही घरं एकमेकांवर नजर ठेवतील, वस्तू जागच्या जागी राहतील.

६. चांदीचे काटे-चमचे सखूबाईला. ती विकेल हे मला माहीत आहे. विकावेत.

७. सीताफळाखाली मी आजवर उकरलेलं नाही. रोज सकाळी तिथं पाणी घालते आणि परत येते. साहेबांच्या रीतीप्रमाणे तिसरी जागाही रिकामीच असायला हवी. असली तर जन्मभर मीही त्यांच्या लेखी चिटणीस आणि ड्रायव्हरच्या रांगेतली. हे जिवंतपणी मला बघवणार नाही.

म्हणून माझं प्रेत उचलण्याआधी, दोन्ही साक्षीदारांसमोर, मुंजाबानं तिथं उकरावं. डबा निघाला तर आत काय आहे ते बघू नये. तो माझ्या हातात द्यावा आणि माझ्याबरोबर जाळावा.

काही निघालं नाही तर खड्डा बुजवावा, आणि मुंजाबानं माझ्या कानाशी येऊन मोठ्यानं म्हणावं, "बाई, डबा हाय." तो खोटं बोलल्याचं पाप माझ्या माथी.

८. या मृत्युपत्राच्या दोन प्रती आहेत. दोन्ही सारख्याच आहेत. आमच्या घराची रीत ठाऊक असणाऱ्यांसाठी मुद्दाम लिहिलं.

वरील मजकूर बाईंनी आम्हांला वाचून दाखवला व आमच्यादेखत सही केली. आम्हांला यातून काही मिळणार नाही. आमची एकमेकांशी ओळख नाही. बाईंनी मुद्दाम ओळख नसलेलेच साक्षीदार निवडले.

सही: मनकर्णाबाई ब्रांडेस

साक्षीदार:
१. डॉ. बद्रीनाथ काळवणे, छावणी
२. कारभारी सांडू वाघचौरे, चिकलठाणा

औरंगाबाद, ११ नोव्हेंबर २००४